पैसे जुळायच्या आधी कॅमेरा

१९८१ साली लिस्बनजवळ सिंट्राच्या परिसरात एका चित्रपटाचं काम अडलं. दिग्दर्शक राऊल रुईझ, हुकूमशहा पिनोशेच्या चिलीतून परागंदा होऊन पॅरिसला आलेले. कॅमेऱ्यामागे आंरी आलकाँ, फ्रेंच सिनेमातला सत्तरी ओलांडलेला दिग्गज. जंगलात वाट चुकलेले पर्यटक शेवटी एकमेकांनाच खाऊ लागतात, अशी गोष्ट. चित्रपटाचं नाव 'द टेरिटरी'. मध्येच पैसा आटला आणि त्याबरोबर कच्ची फिल्मही. निर्माता होता तिशीतला एक पोर्तुगीज तरुण, पाउलो ब्रांको.

तेवढ्यात जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्स तिथे आले. अमेरिकेतल्या त्यांच्या चित्रपटाचं भिजत घोंगडं पडलेलं होतं आणि रुईझच्या चित्रपटात काम करणारी इसाबेल वाइनगार्टन त्यांच्या जवळची होती. आपल्याकडची शिल्लक कच्ची फिल्म त्यांनी रुईझना देऊन टाकली. मग त्याच मंडळींना विचारलं, तुमचं संपलं की माझ्यासाठी थांबाल का? तोच कॅमेरामन, त्यातलेच बरेच नट आणि तोच किनारा घेऊन 'द स्टेट ऑफ थिंग्ज' उभा राहिला. फिल्म आणि पैसा संपल्याने पोर्तुगालच्या किनाऱ्यावर अडकून पडलेलं चित्रपटाचं युनिट, आणि निर्मात्याला शोधत लॉस एंजेलिसला गेलेला दिग्दर्शक, अशी त्याची गोष्ट. निर्माता सापडतो तो एका मोटरघरात, सावकारांपासून लपलेला. १९८२ साली या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवाचा सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. आणि खऱ्या आयुष्यातला निर्माता? तो कुठे पळाला नव्हता. त्याची व्ही. ओ. फिल्मिश ही कंपनी या दुसऱ्या चित्रपटातही सहनिर्माती होती.

ब्रांकोंच्या पुढच्या ४० वर्षांकडे मी याच घटनेतून पाहतो. काम अडलं म्हणून युनिट घरी पाठवायचं नाही. एका चित्रपटाची माणसं, जागा, उपकरणं आणि उरलेली उमेद घेऊन दुसरा सुरू करायचा. या पद्धतीने २०० हून अधिक चित्रपट झाले, पोर्तुगीज सिनेमा जगाच्या नकाशावर टिकला, आणि याच पद्धतीने २०१६ साली एक प्रकरण इतकं बिघडलं की ते कोर्टात गेलं. दोन्ही गोष्टींचं मूळ एकच आहे असं माझं म्हणणं आहे.

तिकीटबारीचा हिशेबच बसत नाही

पोर्तुगालची लोकसंख्या एक कोटीच्या आसपास, म्हणजे एकट्या मुंबईपेक्षा कमी. त्यातले थिएटरात जाणारे थोडे आणि त्यातही पोर्तुगीज चित्रपटाला जाणारे अगदीच थोडे. तिथे चित्रपट तिकिटांवर खर्च भरून काढेल ही अपेक्षा बहुतेक वेळा कुणी ठेवतच नाही. १९७१ च्या कायद्याने चित्रपट संस्थेची तरतूद झाली आणि तिकिटांवरच्या अधिभारातून निर्मितीला मदत मिळण्याची सोय झाली. पुढे टीव्हीवरच्या जाहिरातींवर ४ टक्के आकार बसला आणि तो या निधीचा मुख्य आधार बनला. पैसा येतो तो असा: पटकथा समितीपुढे जाते, समिती अनुदान मंजूर करते, रक्कम हप्त्याहप्त्याने मिळते. सरकारी वाहिनी थोडा भार उचलते. उरलेलं बाहेरून आणायचं, आणि पोर्तुगालसाठी 'बाहेर' म्हणजे बव्हंशी फ्रान्स. दोन देशांत सहनिर्मितीचा करार असल्याने एकच चित्रपट दोन्हीकडे 'आपला' ठरतो आणि दोन्हीकडच्या मदतीला पात्र होतो.

अशा व्यवस्थेत निर्माता स्वतःच्या खिशातून पैसे घालणारा शेठ नसतो. त्याचं काम जुळवाजुळवीचं. लिस्बनच्या समितीने होकार दिला की तो कागद पॅरिसला दाखवायचा, पॅरिसचा होकार घेऊन टीव्हीकडे जायचं, टीव्हीच्या पत्रावर बँकेकडे. या साखळीतली प्रत्येक कडी दुसऱ्या कडीची वाट बघत बसते. सगळे एकमेकांकडे पाहत बसले तर चित्रपट कधीच होत नाही. कुणीतरी आधी "सुरू झालं" म्हणावं लागतं. ब्रांको ते म्हणायचे.

ते कुठून आले हेही यात महत्त्वाचं आहे. जन्म १९५० चा, लिस्बनचा. रसायन अभियांत्रिकीचं शिक्षण अर्ध्यावर सोडून आधी लंडन, मग पॅरिस. तिथे त्यांनी चित्रपटगृहात काम केलं आणि आक्सियों रेपुब्लिक या थिएटरात कोणते चित्रपट लावायचे हे ठरवू लागले. म्हणजे त्यांची उमेदवारी झाली पडद्याच्या प्रेक्षकाकडच्या बाजूला: कुठला चित्रपट कुठल्या आठवड्यात लावला तर कोण येईल, कोणता समीक्षक लिहील, आणि लिहिल्यावर काय होईल. निर्मात्यांमध्ये ही वाट तशी दुर्मीळ.

सत्तरीतला नवोदित

पोर्तु शहरातले दिग्दर्शक मानोएल द ओलिव्हेरा १९०८ सालचे. पहिला लघुपट १९३१ चा, पहिला मोठा चित्रपट १९४२ चा, आणि त्यानंतरचा मोठा चित्रपट थेट १९६३ ला. हुकूमशहा सालाझारच्या राजवटीत त्यांचे प्रकल्प धूळ खात पडले. १९७८ साली एकोणिसाव्या शतकातले पोर्तुगीज लेखक कामिलो कास्तेलो ब्रांको यांच्या कादंबरीवरचा 'आमोर द पेर्दिसांव' पोर्तुगालच्या सरकारी वाहिनीने मालिकेसारखा तुकडे पाडून दाखवला. चित्रपट रंगीत, पण तिथे रंगीत प्रक्षेपण सुरू झालं नव्हतं, त्यामुळे लोकांनी तो पाहिला काळ्या-पांढऱ्यात. चार तासांहून लांब, संथ, वाचून दाखवल्यासारखे संवाद. घरोघरी लोकांनी नाकं मुरडली. १९७९ ला तोच चित्रपट पॅरिसच्या मोठ्या पडद्यावर लागला आणि समीक्षकांनी डोक्यावर घेतला.

मायदेशात टाकाऊ ठरलेला माणूस पॅरिसमध्ये थोर ठरतो, ही गोष्ट एखाद्या देशभक्ताला झोंबली असती. ब्रांकोंना तिच्यात धंद्याची रीत दिसली असावी. १९८१ मध्ये त्यांनी ओलिव्हेरांचा 'फ्रांसिश्का' केला, जो फ्रान्समधल्या कान महोत्सवाच्या 'दिग्दर्शक पंधरवडा' या विभागात दाखवला गेला. तेव्हा ओलिव्हेरा ७२ वर्षांचे होते. १९८५ मध्ये फ्रेंच नाटककार पॉल क्लोदेलच्या नाटकावरचा जवळजवळ सात तासांचा चित्रपट. तो थिएटरात कोण लावणार, हा प्रश्न कुठल्याही शहाण्या निर्मात्याने पहिल्याच बैठकीत विचारला असता. व्हेनिसमध्ये त्या वर्षी ओलिव्हेरांना विशेष सुवर्णसिंह दिला गेला.

आणि मग १९९० ते २००४. या पंधरा वर्षांत एकही वर्ष असं गेलं नाही की ओलिव्हेरांचा ब्रांकोनिर्मित चित्रपट आला नाही. दिग्दर्शकाचं वय ८१ वरून ९५ वर गेलं. म्हाताऱ्या कलावंताच्या ऊर्जेबद्दल जगभर कौतुकाचे लेख आले आणि ते योग्यच होते. पण दरवर्षी समितीचा होकार, फ्रेंच भागीदार, नटांच्या तारखा, लॅबची बिलं आणि महोत्सवाची अंतिम मुदत कुणीतरी सांभाळत होतं, हे त्या लेखांत सहसा नसायचं. पडद्यामागच्या माणसाच्या वाट्याला हेच येतं.

हे जमलं त्याचं एक कारण खुद्द ओलिव्हेरांच्या शैलीत होतं. कॅमेरा स्थिर, दृश्यं लांब, नट समोरासमोर बसून बोलणारे. एका दिवसात कॅमेरा दहा ठिकाणी हलवायचा नसेल तर दिवस वाचतात, दिवस वाचले की पैसे वाचतात. लुईश मिगेल सिंत्रा आणि लेओनोर सिल्व्हैरा ही नेहमीची नटमंडळी. नवीन ओळखी करून घेण्यात वेळ जात नव्हता. जुन्या संगीत नाटक मंडळ्यांचा संसार असाच चालायचा: मंडळी तीच, बिऱ्हाड तेच, फक्त खेळ नवा.

दुसरी युक्ती होती नावांची. जॉन माल्कोविच आणि कातरीन दनव यांच्यासारखे नट एका चित्रपटात आले की ते त्या चित्रपटापुरते राहत नसत, ब्रांकोंच्या गोतावळ्यात येत. १९९५ ला दोघं ओलिव्हेरांकडे, १९९९ ला दोघं रुईझच्या, फ्रेंच कादंबरीकार प्रूस्तवर बेतलेल्या चित्रपटात, २००१ आणि २००३ ला पुन्हा ओलिव्हेरांकडे. १९९९ च्या कान स्पर्धेत हा रुईझचा चित्रपट होता आणि ओलिव्हेरांचा 'आ कार्ता'ही. दोन्ही ब्रांकोंचे. 'आ कार्ता'ला ज्युरी पारितोषिक मिळालं. मोठा नट छोट्या मानधनावर का येतो? कारण त्याला आठ-दहा दिवसांचं काम, मोठा दिग्दर्शक आणि कानचा पडदा मिळतो. निर्मात्याला त्याच्या नावावर फ्रेंच वाहिनीची सही मिळते. व्यवहार सरळ आहे, त्यात कुणी कुणाला फसवत नाही.

२००३ च्या त्या चित्रपटाबद्दल थोडं विषयांतर, कारण त्याचा आपल्याशी संबंध आहे. 'उं फिल्म फालादु'मध्ये लिस्बनच्या विद्यापीठात इतिहास शिकवणारी एक बाई आपल्या लहान मुलीला घेऊन बोटीने निघते. नवरा वैमानिक, तो मुंबईत भेटणार आहे. मार्सेय, नेपल्स, अथेन्स, इस्तंबूल, इजिप्त, एडन. वाटेत ती मुलीला संस्कृतींच्या गोष्टी सांगते. वास्को द गामा जिथे निघाला होता तिकडेच तीही निघाली आहे, फक्त आफ्रिकेला वळसा न घालता. एडन सोडल्यावर बोटीत बॉम्ब सापडतो आणि मुंबई येतच नाही. पोर्तुगीज साम्राज्याच्या आठवणीकडे एक ९४ वर्षांचा पोर्तुगीज कसा बघतो हे गोव्याच्या वाचकाने मुद्दाम पाहण्यासारखं आहे. तिथे अभिमान आहे, पण प्रवास तडीस जात नाही.

२००४ नंतर ही जोडी फुटली. इथे माझ्या मांडणीला एक खोट येते आणि ती लपवण्यात अर्थ नाही. ब्रांकोंशिवायही ओलिव्हेरा थांबले नाहीत. २००५, २००६, २००७ ला चित्रपट आले, शंभरी ओलांडल्यावरही आले, मोठे चित्रपट २०१२ पर्यंत. तेव्हा ब्रांको नसते तर ओलिव्हेरा नसते असं म्हणणं चूक ठरेल. एवढं मात्र म्हणता येतं की २००५ साली दुसऱ्या निर्मात्याच्या दारात गेलेला म्हातारा जगप्रसिद्ध होता. १९८१ साली ब्रांकोंकडे आलेला तसा नव्हता.

ज्यांना हे गाडं जड झालं

ब्रांकोंच्या पद्धतीचा सगळ्यात मार्मिक टीकाकार बाजूला झाला. दिग्दर्शक पेद्रू कोस्ता यांनी १९९७ चा 'ओसुश' ब्रांकोंच्या मद्रागोआ फिल्मिशसाठी केला. लिस्बनच्या फोंतैन्याश या गरीब वस्तीतलं चित्रीकरण, पण रीत नेहमीची: ट्रक, दिवे, युनिट. पहाटे कामाला जाणाऱ्या माणसांच्या गल्लीत रात्रभर प्रखर दिवे. कोस्तांना ते सहन झालं नाही. पुढचा चित्रपट त्यांनी त्याच वस्तीत एका छोट्या डिजिटल कॅमेऱ्याने, जवळजवळ एकट्याने केला. तो आज एकविसाव्या शतकातल्या महत्त्वाच्या चित्रपटांत गणला जातो. ब्रांकोंचं शहाणपण होतं की गाडं थांबू द्यायचं नाही. कोस्तांचं उत्तर होतं की मला गाडंच नको.

दिग्दर्शक जुआंव सेझार मोंतैरु यांची गोष्ट उलट्या टोकाची. २००० साली त्यांनी 'ब्रांका द नेव्ह' केला. पडदा बहुतेक वेळ काळा, फक्त आवाज ऐकू येतात. कॅमेऱ्यावर आपला कोट टाकून चित्रीकरण केल्याचं सांगतात. सरकारी पैशांवर काळा पडदा, म्हणून पोर्तुगालमध्ये गदारोळ झाला. पत्रकारांनी प्रेक्षकांचं काय असं विचारलं तेव्हा मोंतैरुंनी प्रेक्षकांना छापता न येणारी शिवी हासडली. निर्माता ब्रांको. त्यांनी चित्रपट मागे घेतला नाही, आणि मोंतैरुंचा २००३ चा शेवटचा चित्रपटही त्यांनीच केला.

कंपन्यांची नावं मात्र बदलत राहिली. व्ही. ओ. फिल्मिश, ले फिल्म द्यु पासाज, मद्रागोआ, जेमिनी, क्लाप, आल्फामा, लेओपार्दु. नावांच्या या माळेवरूनच धंद्यातली धाकधूक कळते. शिवाय वितरण आणि मेदैया फिल्मिशची थिएटरंही होती. बनवलेलं दाखवायला स्वतःचा पडदा हवा, हा आक्सियों रेपुब्लिकमधला जुना धडा. लिस्बनचं किंग थिएटर २०१३ मध्ये बंद झालं, मोनुमेंताल २०१९ मध्ये. निमाश उरलं.

२०१० चा 'मिश्तेरियुश द लिझबोआ' हा या पद्धतीचा सर्वात सुंदर नमुना. पुन्हा कामिलो कास्तेलो ब्रांको, १८५४ ची पसरट कादंबरी. दिग्दर्शक रुईझ, तब्येत गंभीर. चित्रीकरण एकदाच, पण त्यातून दोन वस्तू निघाल्या: टीव्हीसाठी सहा भागांची मालिका आणि थिएटरसाठी साडेचार तासांच्या आसपासचा चित्रपट. पोशाखी ऐतिहासिक मालिकेला टीव्हीकडून जो पैसा मिळतो त्यात महोत्सवाचा चित्रपट बसवून टाकला. सान सेबास्तियन महोत्सवात दिग्दर्शनाचं रौप्य शिंपलं आणि फ्रान्सचं लुई देल्युक पारितोषिक मिळालं. रुईझ ऑगस्ट २०११ मध्ये गेले. नेपोलियनी युद्धावरचा त्यांचा पुढचा प्रकल्प तयार होता. ब्रांकोंनी तो मोडीत काढला नाही. रुईझ यांच्या पत्नी आणि संकलक वालेरिया सार्मिएंतो दिग्दर्शक झाल्या, २०१२ ला चित्रपट व्हेनिसच्या स्पर्धेत उतरला, आणि वेलिंग्टनच्या भूमिकेत होते माल्कोविच. दिग्दर्शक गेला तरी काम चालूच.

त्याच वर्षी कानमध्ये डेव्हिड क्रोननबर्ग यांचा 'कॉस्मोपोलिस' होता. डॉन डेलिलोच्या कादंबरीचे हक्क ब्रांकोंनी मिळवले आणि ते स्वतः क्रोननबर्गकडे गेले. इंग्रजी भाषा, मोठा तारा, मोठं बजेट. पुढच्या पेचाची पायवाट इथून सुरू होते असं मला वाटतं.

डॉन किहोते

दिग्दर्शक टेरी गिलियम १९८९ पासून स्पॅनिश कादंबरीतल्या डॉन किहोतेवरच्या चित्रपटाच्या मागे होते. २००० साली स्पेनमध्ये चित्रीकरण सुरू होऊन काही दिवसांतच कोसळलं: पूर, वरून लढाऊ विमानांचा आवाज, मुख्य नट जाँ रोशफोर आजारी. त्या अपयशावर माहितीपटही निघाला. २०१६ मध्ये ब्रांकोंच्या आल्फामाने हा चित्रपट हाती घेतला आणि कानमध्ये घोषणा केली. बजेट १.६ कोटी युरोंच्या घरातलं, चित्रीकरण त्याच शरद ऋतूत.

वरवर पाहता ब्रांकोंपेक्षा योग्य माणूस मिळाला नसता. शापित, रखडलेला प्रकल्प आणि कुणीतरी "सुरू झालं" म्हणण्याची गरज. पण एक फरक होता. ओलिव्हेरा आणि रुईझ हे आहे त्यात बसवणारे दिग्दर्शक. पैसा कमी झाला की रुईझ दृश्य बदलायचे आणि ते बदललेलं दृश्य त्यांना अधिक आवडायचंही. गिलियम पंचवीस-तीस वर्षं डोक्यात असलेल्या चित्रांना धरून होते. निर्माता म्हणत होता, खर्च खाली आणा आणि निर्णय माझ्याकडे राहू द्या. दिग्दर्शकाच्या बाजूचं म्हणणं होतं की ठरलेला पैसा उभाच राहिलेला नाही. ऑगस्ट २०१६ पर्यंत गोष्ट तुटेपर्यंत ताणली गेली आणि चित्रीकरणाची तयारी थांबली. गिलियमनी करार संपला असं मानलं, दुसरे निर्माते शोधले आणि २०१७ च्या वसंतात चित्रपट केलाही.

ब्रांकोंच्या लेखी करार संपलेला नव्हता. मे २०१७ मध्ये पॅरिसच्या न्यायालयाने चित्रीकरण थांबवायला नकार दिला, पण करार अजून लागू आहे असंही म्हटलं. मे २०१८ मध्ये चित्रपट कानच्या समारोपाला लागणार म्हटल्यावर ब्रांको प्रदर्शन रोखायला पुन्हा कोर्टात गेले. महोत्सवाने जाहीर निवेदन काढून गिलियमची बाजू घेतली. ज्या कानने दोन-तीन दशकं ब्रांकोंचे चित्रपट सन्मानाने दाखवले त्याच कानने. ९ मे रोजी निकाल आला: चित्रपट दाखवा, पण हक्कांचा वाद चालू आहे अशी सूचना आधी पडद्यावर द्या. १९ मे रोजी तसा तो दाखवला गेला. २७ दिवसांनी, १५ जूनला, अपील न्यायालयाने ब्रांकोंच्या बाजूने कौल दिला. करार रद्द झालेला नव्हता, आणि गिलियमनी १०,००० युरो द्यावेत. प्रतिपक्षाचं म्हणणं असं की जो चित्रपट ब्रांकोंनी बनवलाच नाही त्यावर त्यांची मालकी यातून ठरत नाही.

बातम्यांत ब्रांको खलनायक झाले. स्वप्न पाहणारा म्हातारा दिग्दर्शक आणि त्याला कोर्टात खेचणारा निर्माता, यात वाचक कुणाच्या बाजूने जाणार हे उघड आहे. मला वाटतं, कराराच्या मुद्द्यावर त्यांचं चूक नव्हतं आणि कानच्या आठवड्यात प्रदर्शन रोखायला जाणं मोठी चूक होती. आयुष्यभर चित्रपट पडद्यावर पोहोचवणारा माणूस पहिल्यांदा एक चित्रपट पडद्यावर येऊ नये म्हणून भांडताना लोकांना दिसला. २००२ मध्ये लोकार्नो महोत्सवाने स्वतंत्र निर्मात्यासाठीचं पारितोषिक ब्रांकोंना दिलं होतं. त्याची आठवण त्या आठवड्यात कुणाला झाली नाही.

पुढे जानेवारी २०२० मध्ये रॉटरडॅम महोत्सवाची सुरुवात 'मॉश्किटु'ने झाली. पहिल्या महायुद्धात मोझांबिकच्या रानात आपल्या तुकडीपासून सुटलेल्या एका पोर्तुगीज पोराची गोष्ट. दिग्दर्शक जुआंव नुनु पिंतु. निर्माता पाउलो ब्रांको.